तीन पाण्यांतून काढलेलं चित्र

हुबळीला जाणारी बस सकाळी सातची होती. पाला साडेपाचलाच थांब्यावर जाऊन बसले होते, मांडीवर एक चार इंची पीव्हीसी पाइप आडवा धरून. पाला म्हणजे माझे वडील. आम्ही तिबेटी मुलं वडिलांना पाला म्हणतो आणि आईला आमा-ला. उत्तर कर्नाटकातल्या आमच्या वसाहतीत तेव्हा मक्याची कापणी नुकतीच झाली होती आणि विहारातून सकाळच्या पाठाचा आवाज येत होता. मी दोन बॅगा घेऊन पोचले, तसा त्यांनी पाइप माझ्या हातात दिला. दोन्ही टोकांना झाकणं, त्यावर सायकलच्या ट्यूबची पट्टी घट्ट गुंडाळलेली.

"उघडायच्या आधी हात धू," ते म्हणाले. "उन्हात टांगू नकोस. पाणी लागू देऊ नकोस."

मुलगी सासरी निघाली की बाप जे काही बोलतात, त्यातलं एक अक्षर ते बोलले नाहीत. बस सुटली तेव्हा त्यांनी हात केला, पण बसच्या मागच्या दाराकडे बघून. मी पुढच्या खिडकीत होते. मला वाटलं, डोळ्यांत पाणी आलं असेल.

पाइपमध्ये आमा-ला होती. असं लिहिलं की लोक दचकतात, म्हणून नीट सांगते. आमच्यात समजतात की माणूस गेल्यावर एकोणपन्नास दिवस वाटेत असतं, पुढचा जन्म शोधत. त्या दिवसांत लामा सांगतील त्या देवतेचं चित्र काढून घेतलं तर वाट सोपी होते. कापडावर काढलेल्या, किनखापाची चौकट शिवलेल्या आणि गुंडाळून ठेवता येणाऱ्या या चित्राला थांका म्हणतात. पाला आयुष्यभर थांके काढत आले. लहानपणी माझ्या आजोबांच्या पाठीवरून, तिबेटातला बर्फ ओलांडून आले, वसाहतीतल्या एका म्हाताऱ्या चित्रकाराकडे दहा वर्षं राबले, आणि मग दुसरं काही केलंच नाही. आमा-ला गेली तेव्हा लामांनी चार हातांचा अवलोकितेश्वर सांगितला. पालांनी तो एकोणपन्नास दिवसांत एकट्यानं काढला, स्वयंपाकघराच्या खिडकीशी बसून. शेवटच्या दिवशी डोळे काढले. डोळे नेहमी शेवटीच काढतात. मागच्या बाजूला, देवतेच्या कपाळामागे, गळ्यामागे आणि छातीमागे तीन बीजाक्षरं लिहिली आणि खाली कोपऱ्यात, साध्या बॉलपेननं, आमा-लाचं नाव.

ते चित्र घेऊन मी अलिबागजवळच्या थळला, सासरी आले. त्याला आता आठ वर्षं झाली.

माझा भाऊ टोरंटोला असतो. वसाहतीतली माझ्या वयाची निम्मी मुलं तिकडेच कुठे कुठे आहेत. तो फोनवर नेहमी म्हणतो, "डोल्कर, तुझ्याकडे जे झालं ते लिहून ठेव." लिहायला बसले तर मराठीतच सुचतं आहे. जे झालं ते मराठीत झालं. त्याला मी तिबेटीत वाचून दाखवीन.

मिरजेला नर्सिंग केलं, तिथे मराठी शिकले आणि अलिबागच्या एका दवाखान्यात नोकरी लागली. नितीन तिथे पाकट माशाचा काटा पायात घुसवून आला होता. हा माणूस कारखान्यात फिटर, पण सुट्टी मिळाली की चुलत्याच्या होडीवर पळणारा. तीन दिवस ड्रेसिंग केलं. चौथ्या दिवशी पाय बरा असूनही आला. पुढचं सांगण्यासारखं काही नाही, सगळ्यांचं होतं तसंच झालं.

त्याच्या आईचं नाव मथुरा. सगळा बाजार तिला मथुराबाय म्हणतो. नवरा फार पूर्वी गेला. मासळीची पाटी डोक्यावर घेऊन तिनं पोराला शिकवलं. तिनं पहिल्या दिवशी माझा चेहरा दोन्ही हातांत धरून उजेडाकडे फिरवला, बराच वेळ बघितला आणि विचारलं, "मासं खातंस ना?"

"खाते," मी म्हणाले.

"मंग झाला."

मी खोटं बोलले होते. आमच्या घरी मासे कधीच येत नसत. आमा-ला म्हणायची, एका याकच्या जिवावर सगळं गाव जेवतं, माशाचा एक जीव एका घासाला जातो. पहिला बोंबील मी डोळे मिटून गिळला. दुसऱ्या वर्षी मी स्वतः बोंबील साफ करत होते आणि तिसऱ्या वर्षी घरी मासा नसला की मलाच चुकल्यासारखं व्हायचं. तिकडे संध्याकाळी वारा सुटला की मक्याच्या शेतातून धूळ यायची. इथे वारा सुटला की दाराच्या कड्या खारट होतात. तिकडे मी अंगणातून हाक मारली तर चार घरांतून ओ यायची. इथे बाजारातून जाताना पहिलं वर्षभर मागून "चायनीज, चायनीज" ऐकू यायचं. एक दिवस मथुराबाय पाटीवरून उठली, त्या माणसाच्या हातातून त्यानं नुकतीच घेतलेली सुरमई काढून घेतली आणि म्हणाली, "माजी सून हाय ती. जा, दुसरीकरे घे." त्यानंतर ऐकू आलं नाही.

इतकं माझ्या बाजूनं उभं राहणाऱ्या बाईला मी एक गोष्ट मात्र सांगितली नव्हती. थांका मी आतल्या खोलीत टांगला होता. तिनं विचारलं, हा कोण? मी म्हणाले, आमचा देव. तेवढंच. आमा-लाचं, एकोणपन्नास दिवसांचं, पालांचं, काहीच सांगितलं नाही. नवीन घरात आपलं मेलेलं माणूस भिंतीवर आणून लावलंय, हे सांगायची भीती वाटली. कोण काय म्हणेल, अपशकुन म्हणेल का. नितीनलाही अर्धवटच माहीत होतं. ही चूक माझी आहे आणि ती मला आधीच लिहायची होती.

पाऊसभर होड्या किनाऱ्यावर ओढलेल्या असतात. नारळी पुनवेला दर्याची पूजा झाली की त्या परत पाण्यात जातात. त्या सणाच्या आधी कोळीवाड्यात घरं अशी धुतात की जणू कुणी लग्नाला येणार आहे. पडदे, गोधड्या, देवाची वस्त्रं, सगळं बाहेर निघतं. त्या वर्षी पाऊस फार लागला होता. थांक्यावर भुरी धरली होती, आधी किनखापावर, मग देवतेच्या गुडघ्यापाशी. मी कोरड्या ब्रशनं हलकेच झाडत होते. पालांना विचारायचं रोज ठरवत होते आणि ते चिडतील म्हणून रोज टाळत होते.

मथुराबाय हे सगळं बघत होती. सून रोज त्या कपड्याशी उभी राहते, हळहळते, आणि तिला वेळ मिळत नाही.

त्या दिवशी माझी सकाळची ड्यूटी होती. चारला घरी आले. अंगणात दोरीवर गोधड्या होत्या, नितीनच्या दोन पँटी होत्या, तिची हिरवी साडी होती आणि साडीच्या पलीकडे एक कापड होतं. पांढरट, मधे कुठेकुठे निळसर डाग, एका ठिकाणी पिवळा ओघळ. वरच्या दोन कोपऱ्यांना चिमटे. मी त्याच्या समोरून पुढे गेले. चप्पल काढली, पाय धुतले, आत जाऊन पाणी प्यायले. मग आतल्या खोलीतली भिंत दिसली. नुसता खिळा होता.

मी बाहेर आले ते मला आठवत नाही. आठवतं ते इतकंच, की मी त्या कापडाच्या मागच्या बाजूला उभी होते आणि कोपऱ्यात बॉलपेननं लिहिलेलं आमा-लाचं नाव जसंच्या तसं होतं. बाकी काहीही नव्हतं. ते रंग दगड वाटून केलेले असतात आणि सरसात कालवलेले. सरस पाण्यात विरघळतो.

मथुराबाय पदराला हात पुसत आली. खूश होती. "बग, कवरा उजळला," ती म्हणाली. "तीन पान्यांतून कारला तवा भुरी गेली. आनि ती जरीची पट्टी आधी उसवून घेतली, तिचा रंग जाईल म्हनून." खरंच, किनखापाची चौकट तिनं एकेक टाका उसवून, वेगळी धुऊन, सावलीत वाळत घातली होती. एवढ्या निगुतीनं.

दवाखान्यात मी माणसं मरताना बघितली आहेत, नातेवाइकांना सांगितलं आहे, त्यांना खुर्चीत बसवलं आहे. त्या दिवशी मला कुणीतरी बसवायला हवं होतं. ती विचारत राहिली, "काय झाला ग? काय झाला?" आणि शेवटी माझ्या तोंडून निघालं, "आई, ती माझी आई होती."

तिला वाटलं, मला फोन आलाय, माझ्या घरी कुणी गेलंय. तिनं मला छातीशी धरलं आणि रडायला लागली. मी तिच्या मिठीत लाकडासारखी उभी होते, आणि मनात म्हणत होते, सोड मला.

संध्याकाळी नितीननं मला सगळं बोलायला लावलं आणि मग बाहेर ओट्यावर बसून तिला सांगितलं. आतून मला त्याचा आवाज येत होता, तिचा येत नव्हता. थोड्या वेळानं ती दारात आली. तिचा चेहरा मी तसा कधी पाहिला नव्हता. ती म्हणाली, "मी तुजी आयस धुवून टाकली?"

मी 'नाही' म्हणायला हवं होतं. मी भिंतीवरच्या खिळ्याकडे तोंड फिरवलं.

दोन दिवस ती बाजारात गेली नाही. जेवायला बसायची आणि उठायची. ज्या हातांनी ते कापड घासलं, ते हात ती साडीत लपवून बसायची. मला तिची कीव येत होती आणि तरी तिच्याकडे बघवत नव्हतं. तिसऱ्या दिवशी मी पालांना फोन लावला. मी सरळ सांगितलं.

त्यांनी विचारलं, "पाणी कुठे टाकलं?"

मला प्रश्नच कळला नाही. आत जाऊन विचारून आले. "नारळाच्या मुळाशी."

"बरं केलं. तिथे कुणाचा पाय पडत नाही." मग म्हणाले, "मी येतो."

पाला तोवर एकदाही थळला आले नव्हते. दरवेळी काहीतरी काम निघायचं. आता फोननंतर तिसऱ्याच दिवशी ते पनवेलला उतरले. नितीन त्यांना आणायला गेला. मथुराबायनं सकाळपासून अंगण दोनदा झाडलं आणि रिक्षा थांबली तशी दाराच्या कडेला, हात जोडून उभी राहिली. पाला उतरले, उंबऱ्यापाशी आले आणि तिच्याकडे न बघता, तिच्या पदराला खांदा लागेल इतक्या जवळून, आत निघून गेले.

तिचे हात तसेच जोडलेले राहिले. "बोलनारच नाय ते," ती मला हळूच म्हणाली. मलाही धक्का बसला. पाला रागावले तरी कुणाचा नमस्कार नाकारणारे नव्हेत.

मी चहा केला. कप त्यांच्या उजव्या हाताशी ठेवला. त्यांनी हात पुढे केला तो कपाच्या शेजारी, रिकाम्या जागेत. मग बोटांनी चाचपत कप शोधला, अगदी सहज, नेहमीची सवय असल्यासारखा. मी नर्स आहे. मला त्यापुढे काही सांगावं लागलं नाही.

मी त्यांच्या डाव्या बाजूला जाऊन दोन बोटं धरली. "पाला, किती?"

ते हसले. "बोटं आहेत का तिथे?"

"कधीपासून?"

"आमा-लाच्या चित्राचे डोळे काढले, तेव्हाच मला नीट दिसत नव्हतं. अंदाजानं काढले. हाताला पाठ होते. त्यानंतर ब्रश धरलेला नाही."

त्या बसथांब्यावर त्यांनी मागच्या दाराकडे बघून हात का केला, ते मला तेव्हा, तीन वर्षांनी समजलं. मी वैतागून विचारलं, सांगितलं का नाही, आणि स्वतःचं शेवटचं चित्र माझ्याकडे का दिलं. ते म्हणाले, "मला दिसत नाही ते भिंतीवर ठेवून मी काय करू? तुला दिसेल म्हणून दिलं."

मी तिथेच जमिनीवर बसले. दोरीवरचं ते कापड बघताना जे झालं नव्हतं, ते आता झालं. मी मोठ्यानं रडले. मथुराबायला आमचं तिबेटी बोलणं कळत नव्हतं. पण तिनं पुढे येऊन पालांच्या डोळ्यांसमोर हात हलवला, कुणी लहान मुलाला करावं तसा. त्यांनी मान वळवली नाही. तेव्हा तिला समजलं, की दारात त्यांनी तिला टाळलं नव्हतं.

ती त्यांच्या अगदी समोर जाऊन बसली. तिची हिंदी बाजारापुरती आहे. "भाईसाब, मेरेसे हो गया," ती म्हणाली. "मेरेको मालूम नहीं था."

"मालूम होता तो आप नहीं करतीं," पाला म्हणाले. "कपडा दीजिए."

कापड त्यांनी मांडीवर घेतलं, बोटांनी सगळीकडून चाचपलं. एका जागी थांबून म्हणाले, इथे कमळ होतं. तिथे काही नव्हतं. दुसऱ्या दिवशी मी त्यांना डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेलं. काचबिंदू. गेलेली नजर परत येणार नाही, उरलेली थेंब घालून जपायची. हे थेंब दिवसातून दोनदा, न चुकता. तिकडे एकट्यानं कोण घालणार? पाला "दोन महिने" म्हणून राहिले.

रिकामं बसणं त्यांना माहीत नव्हतं. एक दिवस त्यांनी नितीनला सांगून लाकडी चौकट करून घेतली, हार्डवेअरच्या दुकानातून सरस आणि खडूची पूड आणवली आणि ते कापड चौकटीत ताणून बांधलं. चित्र काढण्याआधी कापडाला खडू-सरसाचा लेप देतात आणि तो वाळला की गुळगुळीत होईस्तोवर घासतात. या कामाला डोळे लागत नाहीत. सरस शिजायला ठेवला तेव्हा मथुराबायनं नाक धरलं. "सुक्या बोंबलाला लोक नावा ठेवतान," ती म्हणाली. घासायला ते गुळगुळीत दगड मागत होते. तिनं किनाऱ्यावरून तळहाताएवढा जाड शिंपला आणला, त्याची पाठ त्यांच्या बोटांना लावून विचारलं, चालेल? चालला. मग रोज दुपारी, बाजारातून आल्यावर, ती समोर बसून घासायची. पाला हात फिरवून सांगायचे, इथे खरखरीत आहे. ती म्हणायची, "किदर? इदर?" ज्या हातांनी तिनं ते चित्र घालवलं, त्याच हातांनी नऊ दिवस घासत होती. मी ड्यूटीवरून आले की त्या दोघांना दारातून बघायचे. तेव्हा हळूहळू माझ्या मनातला तिच्यावरचा राग कमी झाला. पूर्ण गेला असं म्हणणार नाही. वर्ष लागलं.

दहाव्या दिवशी पालांनी सगळ्या कापडावर तळहात फिरवला आणि म्हणाले, झालं. मथुराबायनं विचारलं, "अब भगवान कब निकालेंगे?"

"वो अब मेरे से नहीं होगा, बहनजी."

तिनं माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली. तिला वाटलं होतं, आपण चित्राची तयारी करतोय. मलाही मनातून तेच वाटलं होतं, खरं सांगायचं तर. भाऊ फोनवर म्हणाला, पालांच्या शिष्याकडून काढून घेऊ. पाला नको म्हणाले, कारण सांगितलं नाही. मथुराबायनं उसवलेली किनखापाची चौकट स्वतःच्या हातानं परत शिवली आणि ते पांढरं कापड खिळ्यावर गेलं. पाहुणे विचारतात, हे काय? आम्ही आपापल्या परीनं काहीतरी सांगतो.

दोन महिन्यांचे सहा झाले, मग वर्ष. थेंब सकाळी मी घालते, संध्याकाळी मथुराबाय. आता त्या दोघांचं बोलणं हिंदीतून केव्हाच मराठीत गेलंय, म्हणजे तिच्या मराठीत. पाला "नाय" आणि "हाय" म्हणतात तेव्हा दवाखान्यातले लोक चमकतात.

गेल्या वर्षी वसाहतीतलं घर रिकामं करायला जायचं ठरलं. तिथे आता राहणारं कुणी उरलं नव्हतं. आमच्या गल्लीत सातपैकी चार घरांना कुलूप आहे. मथुराबाय म्हणाली, "मना पन ने." तिनं घाट कधी ओलांडला नव्हता. बसमध्ये ती रात्रीपर्यंत खिडकीतून दर्या शोधत होती. "इतकी जमीन काय करतान लोकं?" तिनं विचारलं. वसाहतीत तिनं लोणी-मिठाच्या चहाचा एक घोट घेतला आणि कप माझ्या हातात दिला. लाल कपड्यांतले भिक्षू मैदानात फुटबॉल खेळताना बघून ती थांबलीच, जवळजवळ तासभर.

घर दोन दिवसांत रिकामं झालं. ब्रश आणि रंगांचे दगड पालांनी शिष्याला दिले. शेवटच्या सकाळी मथुराबाय म्हणाली, "तुजे आयशीला जाल्ली ती जागा दाखव."

मक्याच्या शेतांपलीकडे ओढा आहे. तिथे समाधी नाही, दगड नाही, नुसती काळपट माती आणि झाडांना बांधलेल्या, प्रार्थना छापलेल्या विटक्या पताका. पाला माझा हात धरून उभे होते. मथुराबायनं चपला काढल्या, पुढे गेली, डोक्यावर पदर घेतला आणि मातीकडे बघून बोलायला लागली. मोठ्यानं, बाजारात बोलते तशी.

"बाय, मी मथुरा. तुजे पोरीची सासू. तू घरा आल्लीस आनि मना कोनी सांगितला नाय. मी तुना मलका कपरा समजून धुतली. मना माफ कर. पोरगी तुजी बेस हाय. मासं खाते. तुजे दादल्याचे डोले मी सांबालते."

वारा होता, पताका फडफडत होत्या. मला वाटलं, तिला जवळ घ्यावं, पण पाय उचलेनात. तिनं माफी माझ्याकडे कधीच मागितली नव्हती. मी पण तिला कधी 'तुझी चूक नाही' म्हणाले नव्हते. इतकी वर्षं एका घरात राहून आम्ही दोघी त्या एका दोरीच्या दोन बाजूंना उभ्या होतो, हे मला तिथे कळलं आणि लाज वाटली.

पालांनी माझा हात ओढला. वाऱ्यात त्यांना नीट ऐकू गेलं नसावं. "काय म्हणाली ती?" त्यांनी तिबेटीत विचारलं.

मी त्यांना सगळं सांगितलं, एकही शब्द न गाळता. सांगून झाल्यावर लक्षात आलं, की मी तिबेटीत सांगायला तोंड उघडलं होतं आणि मथुराबायचीच बोली बोलत गेले होते, आमा-लाच्या जागेवर उभी राहून, माझ्या वडिलांशी. पालांनी मधे एकदाही अडवलं नव्हतं.

"हां," ते म्हणाले. मग तिच्या आवाजाच्या दिशेनं वळून म्हणाले, "मथुराबाय, चला. बस चुकंल."